साठेखत-खरेदीखत वाद (पुणे)

एकाच जागेचे नोंदणी न झालेले साठेखत एकाच्या हाती आणि दुय्यम निबंधकासमोर नोंदवलेले खरेदीखत दुसऱ्याच्या हाती असले, की उभा राहणारा दिवाणी तंटा. साठेखत म्हणजे पुढे विकण्याचा करार. मालकी जाते ती खरेदीखताने.

मालमत्ता हस्तांतरण अधिनियम, १८८२ च्या कलम ५४ नुसार १०० रुपये वा त्याहून अधिक किमतीच्या स्थावराची विक्री नोंदणीकृत दस्तानेच होते आणि नुसत्या साठेखताने जागेत हक्क निर्माण होत नाही. (ज्या शंभराच्या स्टॅम्पवर असली साठेखते वर्षानुवर्षे लिहिली गेली, त्याची किंमतही नेमकी तेवढीच.) तरी साठेखत म्हणजे रद्दी नव्हे. ते जमिनीवर नाही, तर विकणाऱ्यावर हक्क देते. नोंदणी अधिनियम, १९०८ च्या कलम ४९ चे परंतुक (त्यातली अपवादाची तरतूद) करारपूर्तीच्या दाव्यात असा कागद पुरावा म्हणून वाचू देते.

पुण्यात या वादाची मुळे शहराच्या कडेला सापडतात. धायरी, नऱ्हे, आंबेगाव, लोहगाव, मांजरी अशा गावांत शेतजमिनीचे एक-दोन गुंठ्यांचे तुकडे विकले गेले. १९४७ च्या तुकडेबंदी कायद्यामुळे त्यांचे खरेदीखत नोंदवण्यात अडचण. मग नोटरीपुढचे साठेखत, ताबा पावती आणि कुलमुखत्यारपत्र असे बाड खरेदीदाराच्या हाती पडे. त्याने खोल्या बांधल्या, वीज घेतली. सातबाऱ्यावर नाव मात्र मूळ शेतकऱ्याचेच. २०१७ मध्ये ११ आणि २०२१ मध्ये २३ गावे महापालिकेत आली. भाव चढले, की वारसांना तीच जमीन दुसऱ्याला रीतसर नोंदवून देण्याचा मोह पडतो. २००१ चा गुंठेवारी कायदा भूखंड आणि बांधकाम नियमित करतो; दोन खरेदीदारांत मालक कोण, हे ठरवत नाही. साठेखत, मुखत्यारपत्र आणि मृत्युपत्र यांच्या जोडीने मालकी जात नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०११ च्या सूरज लॅम्प निकालात स्पष्ट केले.

नोंदलेला कागद मोठा, एवढ्यावर मात्र खटला संपत नाही. खरा प्रश्न असतो, नंतरच्या खरेदीदाराला आधीचा व्यवहार माहीत होता का? विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ च्या कलम १९ नुसार आधीचा करार नंतरच्या खरेदीदाराविरुद्धही बजावता येतो. त्यातून सुटतो तो पैसे मोजून, प्रामाणिकपणे आणि करार माहीत नसताना घेणाराच. शिवाय जागेवर प्रत्यक्ष ताबा असलेल्याच्या हक्काची सूचना खरेदीदाराला मिळाली, असे कायदा धरतो. म्हणून उलटतपासणीतला साधा प्रश्न, ‘जागा पाहायला गेला होतात का?’, सर्वांत अवघड ठरतो. ‘हो’ म्हटले तर तिथली खोली दिसलीच असणार. ‘नाही’ म्हटले तर चौकशीच केली नाही.

ताबेदाराची ढाल म्हणजे मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाचे कलम ५३-अ. पण २४ सप्टेंबर २००१ पासून तिच्यासाठी साठेखत नोंदणीकृत लागते. त्यामुळे कागदाच्या तारखेवर सगळी भिस्त, आणि स्टॅम्प विकत घेतल्याची तारीख, नोटरीची वही यांची झडती होते. ताबा दिलेल्या साठेखताला खरेदीखताइतके मुद्रांक शुल्क लागते. ते कमी असेल तर कागद अडकवला जातो आणि दरमहा २ टक्के दंडासह भरल्यावरच पुराव्यात येतो. करारपूर्तीच्या दाव्याची मुदत ३ वर्षांची असते: खरेदीखतासाठी तारीख ठरली असेल तर तिच्यापासून, नसेल तर नकार कळल्यापासून.

सदनिकांत हा तंटा तुलनेने कमी. मोफा, म्हणजे राज्याचा सदनिका मालकी कायदा, १९६३ चा असून, २० टक्क्यांहून अधिक रक्कम घेण्याआधी करार नोंदवण्याचे बंधन त्यात होते. रेराने, म्हणजे २०१६ च्या स्थावर संपदा कायद्याने, ही मर्यादा १० टक्क्यांवर आणली.

नोंदणी महानिरीक्षकांचे राज्य मुख्यालय पुण्यातच आहे, पण न नोंदलेले साठेखत इंडेक्स-टूच्या (नोंदलेल्या दस्तांच्या सूचीच्या) शोधात दिसत नाही. त्यासाठी वकील वर्तमानपत्रात जाहीर नोटीस देतात. फेरफारावर, म्हणजे सातबाऱ्यावरच्या नावबदलावर, साठेखतधारकाने हरकत घेतली तर ती महसूल अधिकाऱ्यापुढे चालते; मालकी ठरवण्याचा अधिकार त्याला नाही, तो दिवाणी न्यायालयाचा.

दावा लावल्यावरही एक काम उरते. १९३९ च्या मुंबई दुरुस्तीमुळे महाराष्ट्रात प्रलंबित दाव्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवावी लागते. ती नोंदवली नाही, तर मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाच्या कलम ५२ चे संरक्षण मिळत नाही आणि खटला चालू असतानाच तिसरा खरेदीदार उभा राहू शकतो.