मार्कच्या शुभवर्तमानातील बिननावाची माणसे

बायबलच्या नव्या करारातील चार शुभवर्तमानांपैकी, म्हणजे येशूची कथा सांगणाऱ्या ग्रंथांपैकी, मार्ककृत शुभवर्तमान आकाराने सर्वांत लहान आहे आणि बहुसंख्य अभ्यासकांच्या मते ते सर्वांत जुनेही आहे. इ. स. ७० च्या आसपास साध्या, बोलीच्या वळणाच्या ग्रीकमध्ये ते लिहिले गेले. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात, विशेषतः जर्मनीत, या ग्रंथाचा अभ्यास त्याचे सुटे प्रसंग वेगळे काढून होत असे. कोणता प्रसंग कोणत्या मौखिक परंपरेतून आला आणि आरंभीच्या ख्रिस्ती मंडळ्यांमध्ये तो कशासाठी सांगितला जात होता, हे शोधणे हा त्या अभ्यासाचा हेतू होता. १९८० च्या दशकात अमेरिकेत डेव्हिड ऱ्होड्स यांनी मार्कबाबत, तर ॲलन कल्पेपर यांनी योहानाच्या शुभवर्तमानाबाबत वेगळा प्रश्न विचारला: आहे तो ग्रंथ सलग कथा म्हणून वाचला, तर त्यातील माणसे कशी घडवलेली दिसतात?

अमुक माणूस दयाळू होता किंवा तमुक भित्रा होता, असे मार्क सहसा सांगत नाही. माणसाचा स्वभाव कळतो तो त्याच्या कृतीवरून, त्याच्या तोंडच्या एखाद्या वाक्यावरून आणि मुख्य म्हणजे त्याच्या शेजारी कोणाला उभे केले आहे यावरून. ही मांडणी किती विचारपूर्वक केलेली आहे, हे पाचव्या अध्यायात स्पष्ट दिसते. सभास्थानाचा अधिकारी याईर गर्दीसमोर येशूच्या पाया पडतो, कारण त्याची बारा वर्षांची मुलगी मरणाच्या दारात आहे. येशू त्याच्याबरोबर निघतो, आणि तिथेच मार्क ही गोष्ट अर्धवट ठेवून दुसरी सुरू करतो. बारा वर्षे रक्तस्रावाने पिडलेली एक बाई गर्दीत मागून येते. तिचे नाव दिलेले नाही. मूळ ग्रीकमध्ये तिची सारी कहाणी एकापाठोपाठ एक अशा सात धातुसाधितांमध्ये सांगितली आहे: बारा वर्षे आजारी असून, पुष्कळ वैद्यांच्या हातून हाल सोसून, होते नव्हते ते सारे खर्चून, काहीच गुण न येता उलट आणखी खालावून, येशूविषयी ऐकून, गर्दीत मागून येऊन तिने त्याच्या वस्त्राला स्पर्श केला. ‘स्पर्श केला’ हे मुख्य क्रियापद येईपर्यंत वाक्य कुठेही टेकत नाही, आणि बारा वर्षांचा भार त्या एका कृतीवर येऊन पडतो. शिवाय तिच्या मनात काय चालले होते, हेही मार्क सांगतो. याईराच्या मनात मात्र तो डोकावत नाही.

‘मुली, तुझ्या विश्वासाने तुला बरे केले आहे’ असे येशू तिला म्हणतो, आणि त्याचे बोलणे संपते न संपते तोच याईराच्या घरून मुलगी गेल्याचा निरोप येतो. त्यानंतर येशू याईराला सांगतो, ‘भिऊ नकोस, विश्वास मात्र धर.’ म्हणजे प्रतिष्ठित, नाव असलेल्या माणसाला जे करायला सांगितले जाते, ते एका अनामिक बाईने त्याच्या डोळ्यांदेखत आधीच केलेले असते.

हाच डाव दहाव्या अध्यायात अधिक उघड आहे. याकोब आणि योहान हे दोन शिष्य येशूकडे काही मागायला येतात. ‘मी तुमच्यासाठी काय करावे अशी तुमची इच्छा आहे?’ असे तो विचारतो, आणि ते त्याच्या उजव्या-डाव्या हाताची आसने मागतात. थोड्याच ओळींनंतर यरीहोबाहेर बार्तीमय नावाचा आंधळा भिकारी अंगावरचे वस्त्र टाकून उडी मारून उठतो आणि येतो, आणि येशू त्यालाही जवळजवळ त्याच शब्दांत विचारतो. तो दृष्टी मागतो, ती मिळताच येशूमागे वाटेने चालू लागतो.

ही रचना केवळ आजच्या वाचकाच्या डोळ्यांना दिसणारी नाही, याचा चांगला पुरावा दुसऱ्या एका शुभवर्तमानाचा लेखक मत्तय याच्याकडे मिळतो. मार्क समोर ठेवून लिहिताना त्याने आसनांची मागणी शिष्यांच्या आईच्या तोंडी घातली आणि एका बार्तीमयाच्या जागी दोन अनामिक आंधळे आणले. रक्तस्राव होणाऱ्या बाईची गोष्टही त्याने तीन वचनांत आटोपली. शिष्यांची मान खाली जाते हे त्याला जाणवले असावे, असे मला वाटते.

येशूचा शिष्य पेत्र मात्र या मापाने मोजून संपत नाही. आत महायाजकासमोर येशू जिवावर उदार होऊन उत्तर देत असताना, अंगणात शेकोटीशी बसलेला पेत्र एका दासीच्या बोलण्याने हादरतो, येशूला ओळखत असल्याचे तीनदा नाकारतो आणि मग रडतो. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात इस्तंबूलमध्ये निर्वासित म्हणून राहणारे जर्मन समीक्षक एरिख आउअरबाख यांनी या प्रसंगावर फार मोलाचे लिहिले आहे: एका कोळ्याच्या मनातील इतकी गंभीर घालमेल अभिजात ग्रीक-रोमन साहित्याच्या उच्च शैलीत बसलीच नसती.

शिष्य चुकतात आणि अनामिक माणसे समजून घेतात, हे सूत्र सरसकट लावू नये, असा आक्षेप एलिझाबेथ स्ट्रदर्स मॅल्बन यांनी १९८३ मध्ये घेतला, आणि तो मला पटतो. क्रूसावरील येशूला दुरून पाहणाऱ्या तीन स्त्रियांची नावे मार्क देतो. त्याच स्त्रिया कबरीवरून पळतात आणि येशू उठल्याचे भीतीने कोणाला सांगत नाहीत. चौथ्या शतकातील व्हॅटिकन व सिनाई हस्तलिखितांत शुभवर्तमान तिथेच थांबते. नंतर जोडलेल्या दीर्घ शेवटात त्यांच्यापैकी मग्दालीया मरीया जाऊन सांगते. शिष्यांच्या बाबतीत मत्तयाने जी डागडुजी केली, तीच इथे पुढच्या हातांनी मरीयेच्या बाबतीत केलेली दिसते.