कांदा, द्राक्षे आणि मागाचे कापड: प्रादेशिक एकात्मीकरणाची नाशिककडून पाहिलेली पार्श्वभूमी

विदेश व्यापार महासंचालनालयाने 7 डिसेंबर 2023 रोजी कांदा निर्यातबंदीची अधिसूचना काढली आणि दुसऱ्याच दिवसापासून ती लागू झाली. त्या दिवसांत निफाड, येवला, चांदवड या पट्ट्यात लाल कांद्याची काढणी जोरात होती. उन्हाळ कांदा चाळीत काही महिने ठेवता येतो. लाल कांदा टिकत नाही, तो काही आठवड्यांत विकावाच लागतो. त्यामुळे भाव पडले तरी माल रोखून धरण्याची सोय शेतकऱ्याकडे नव्हती. लिलावात दर कोसळले, मुंबई-आग्रा महामार्गावर रास्ता रोको झाला आणि नेमक्या त्याच दिवसांत ढाक्याच्या बाजारात कांद्याचे भाव एकाएकी चढले. एकाच अधिसूचनेने लासलगावचा उत्पादक आणि ढाक्याचा ग्राहक असे दोघेही होरपळले. या दोन बाजारपेठा प्रत्यक्षात एकमेकींशी किती घट्ट बांधल्या गेल्या आहेत आणि त्या बंधाला संस्थात्मक आधार किती तोकडा आहे, हे त्यातून दिसले. महागाई आणि निवडणूक यांच्या चर्चेत ही बाजू नेहमी मागे पडते, म्हणून प्रादेशिक एकात्मीकरणाचा, म्हणजे शेजारी देशांच्या बाजारपेठा एकमेकींशी जोडल्या जाण्याचा, इतिहास पाहणे आवश्यक आहे.

हा बंध जुना आहे. एकोणिसाव्या शतकात ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वे थळ घाट चढून इगतपुरी, नाशिक, मनमाडमार्गे पुढे गेली, तेव्हा नाशिकचा शेतमाल मुंबई बंदराशी आणि उत्तर व पूर्व भारताशी जोडला गेला. वसाहतीच्या गरजेपोटी घडलेले हे एकत्रीकरण विषमच होते. तरीही कराचीपासून चितगावपर्यंतचा प्रदेश एकाच सीमाशुल्क व्यवस्थेखाली होता. फाळणीनंतरही व्यापार लगेच तुटला नव्हता. सुरुवातीच्या एक-दोन वर्षांत पाकिस्तानची निम्म्याहून अधिक निर्यात भारतातच येत होती. सप्टेंबर 1949 मध्ये भारताने रुपयाचे अवमूल्यन केले, पाकिस्तानने आपल्या रुपयाचे अवमूल्यन करण्यास नकार दिला आणि विनिमयदराच्या वादात हा व्यापार ठप्प झाला. 1965 च्या युद्धाने पूर्व पाकिस्तानकडे जाणारे रेल्वेमार्गही बंद झाले. दक्षिण आशियातले तुटलेपण भूगोलाने लादलेले नाही, ते अशा राजकीय निर्णयांतून टप्प्याटप्प्याने घडत गेले आहे.

त्याच काळात युरोपचा प्रवास उलट्या दिशेने चालला होता. 1951 च्या पॅरिस कराराने सहा देशांनी कोळसा व पोलाद सामायिक नियंत्रणाखाली आणले, 1957 च्या रोम कराराने सामायिक बाजारपेठेचा पाया घातला आणि 1962 पासून शेतीसाठी सामायिक धोरण आले. या अखेरच्या गोष्टीकडे नाशिकने विशेष लक्ष द्यावे असे मला वाटते. सीमा खुल्या करतानाच युरोपने शेतकऱ्याच्या भावाची हमी सामायिक तिजोरीतून दिली होती. त्या धोरणाने अतिरिक्त उत्पादन आणि निर्यात अनुदाने यांचे ओझे जगावर टाकले, हेही खरे. परंतु एकत्रीकरणाची किंमत कोणी सोसायची, या प्रश्नाला तिथे निदान उत्तर दिले गेले होते.

आग्नेय आशियात एकत्रीकरण सरकारांपेक्षा कंपन्यांनी अधिक घडवले. आसियान ही तिथल्या देशांची संघटना 1967 ची, पण तिथल्या कारखान्यांची साखळी उभी राहिली ती 1985 च्या प्लाझा करारानंतर, म्हणजे डॉलर उतरवून येनसारखी चलने वर नेण्याच्या बड्या देशांच्या करारानंतर. येन महागला, तेव्हा जपानी कंपन्यांनी उत्पादन थायलंड, मलेशिया, इंडोनेशियाकडे हलवले आणि सुटे भाग एका देशातून दुसऱ्या देशात फिरू लागले. आसियान मुक्त व्यापार क्षेत्राचा करार 1992 मध्ये झाला. भांडवलाने आधीच आखलेल्या वाटांना त्याने कायद्याचे रूप दिले. उत्तर अमेरिकेत 1 जानेवारी 1994 रोजी अमेरिका, कॅनडा आणि मेक्सिको यांचा मुक्त व्यापार करार, म्हणजे नाफ्टा, लागू झाला आणि त्याच दिवशी मेक्सिकोच्या चियापासमध्ये झापातिस्ता या आदिवासी शेतकऱ्यांच्या सशस्त्र संघटनेने उठाव केला. अनुदानित अमेरिकी मक्यापुढे छोटा मेक्सिकन मका उत्पादक टिकणार नाही, ही भीती निराधार नव्हती.

सार्क या दक्षिण आशियाई देशांच्या संघटनेची स्थापना डिसेंबर 1985 मध्ये ढाक्यात झाली. प्राधान्य व्यापार करार 1993 चा, आणि दक्षिण आशियाई मुक्त व्यापार करार, म्हणजे साफ्टा, 2004 मध्ये इस्लामाबादला होऊन 1 जानेवारी 2006 पासून अमलात आला. प्रत्येक देशाने संवेदनशील वस्तूंची लांबलचक यादी करारातून बाहेर ठेवली. सदस्य देशांचा आपसातला व्यापार त्यांच्या एकूण व्यापाराच्या पाच टक्क्यांच्या आसपासच घुटमळत राहिला. 2014 च्या काठमांडू परिषदेनंतर सार्कची शिखर परिषदच झालेली नाही.

नाशिकच्या दृष्टीने साफ्टामधली खरी उणीव यादीपेक्षा खोल आहे. करार प्रामुख्याने आयात शुल्क कमी करण्याचा आहे. संख्यात्मक निर्बंध उठवण्याचे कलम त्यात आहे खरे, पण गॅटने, म्हणजे जागतिक व्यापाराच्या मूळ सर्वसाधारण कराराने, मुभा दिलेले निर्बंध त्यातून वगळलेले आहेत. गॅटच्या अकराव्या कलमानुसार अन्नपदार्थांची तीव्र टंचाई दूर करण्यासाठी तात्पुरती निर्यातबंदी घालता येते. जागतिक व्यापार संघटनेच्या शेती करारातील बारावे कलम अशा बंदीआधी पूर्वसूचना आणि सल्लामसलत मागते. विकसनशील देशांना यातून सूट आहे, मात्र त्या वस्तूचा निव्वळ निर्यातदार असलेल्या देशाला ती मिळत नाही. कागदावर हा नियम भारताच्या कांद्याला लागू पडायला हवा. प्रत्यक्षात बंदी एका रात्रीत येते, कारण 1992 चा विदेश व्यापार कायदा सरकारला अधिसूचनेद्वारे तसे करण्याचा अधिकार देतो आणि त्यावर लगाम घालणारी कोणतीही प्रादेशिक यंत्रणा नाही.

29 सप्टेंबर 2019 ची बंदी, 14 सप्टेंबर 2020 ची बंदी, 19 ऑगस्ट 2023 चे 40 टक्के निर्यात शुल्क आणि त्यानंतरची डिसेंबरची बंदी ही मालिका सर्वांच्या स्मरणात आहे. 2019 मध्ये बांगलादेशच्या तत्कालीन पंतप्रधान शेख हसीना यांनी दिल्लीतल्या जाहीर कार्यक्रमात सांगितले की, भारताने आधी कल्पना दिली असती तर बरे झाले असते. त्यांची मागणी कांद्याची नव्हती, पूर्वसूचनेची होती. नाशिकचा शेतकरीही नेमके तेच मागतो. कांदा ट्रॅक्टरमधून बाजार समितीच्या आवारात येतो, व्यापारी रांगेतल्या एकेका वाहनापाशी थांबून बोली लावतात, मग माल खळ्यावर जाऊन निवडला जातो, गोण्या भरल्या जातात आणि ट्रक पश्चिम बंगालमधल्या घोजाडांगा किंवा महदीपूरच्या सीमेकडे निघतो. या प्रवासात अधिसूचना निघाली तर सीमेवर ट्रकची रांग लागते, गोणीतला कांदा सडतो, आणि पुढच्या लिलावात व्यापारी ती जोखीम धरूनच बोली लावतो. ती जोखीम अखेर शेतकऱ्याच्या दरातून वजा होते. बांगलादेशानेही धडा घेतला. त्याने विमानाने कांदा मागवला, इजिप्त, तुर्कस्तान, म्यानमारकडे वळून पाहिले, स्वतःचे उत्पादन वाढवण्यावर भर दिला, आणि आता आपल्या शेतकऱ्याचा हंगाम सुरू असला की तो आयात परवाने रोखतो. बेभरवशाच्या पुरवठादाराला ग्राहक गमवावा लागतो, आणि या बाबतीत बेभरवसा लासलगावच्या शेतकऱ्याने निर्माण केलेला नाही.

द्राक्षांची कथा वेगळी आहे, कारण तिथला ग्राहक दूरचा असून नियम त्याचे आहेत. युरोपला जाणाऱ्या द्राक्षांच्या बागेची नोंदणी, काढणीपूर्व नमुन्यात रसायनांचे अंश उरले आहेत का याची तपासणी आणि पेटीवरून थेट बागेपर्यंत पोहोचता येईल अशी नोंद, हे सर्व अपेडा या केंद्राच्या शेतमाल निर्यात संस्थेच्या ग्रेपनेट या ऑनलाइन व्यवस्थेत बसवले आहे. तरीही 2010 मध्ये क्लोरमेक्वाट क्लोराइड या वाढ रोखणाऱ्या रसायनाचे अंश आढळल्याने युरोपात माल अडकला आणि दिंडोरी, निफाडच्या अनेक बागायतदारांचे कर्ज थकले. शुल्काचा अडसर त्याहून वेगळा. चिली, पेरू, दक्षिण आफ्रिका यांच्या द्राक्षांना युरोपशी झालेल्या करारांमुळे सवलत मिळते. भारताची बोलणी 2007 मध्ये सुरू झाली, 2013 मध्ये थांबली आणि 2022 मध्ये पुन्हा सुरू झाली. प्रादेशिक करार गटाबाहेरच्या कार्यक्षम उत्पादकाचा व्यापार गटातल्याकडे वळवतात, हे जेकब वायनर या अर्थतज्ज्ञाने 1950 मध्येच मांडले होते, आणि इथला बागायतदार ते दर हंगामात अनुभवत आला आहे.

मात्र करार झाला की सगळ्यांचेच भले होते, असेही नाही. जिल्ह्यातल्याच मालेगावकडे पाहावे. 2011 मध्ये भारताने बांगलादेशाच्या 46 कापड व तयार कपड्यांच्या वस्तू संवेदनशील यादीतून काढल्या, आणि त्याच वर्षी अल्पविकसित देशांसाठीची यादी 480 वरून 25 वस्तूंवर आणली. ढाक्याच्या कारखान्यांतल्या स्त्री कामगारांसाठी ते योग्यच होते. परंतु चिनी कापडाचे बांगलादेशात शिवलेले कपडे शुल्कमुक्त येऊ लागले, तर मालेगावच्या यंत्रमागावरच्या कोऱ्या कापडाला मागणी कुठून येणार, ही यंत्रमागधारकांची तक्रार मालाच्या मूळ देशाच्या नियमांवर, म्हणजे माल कोणत्या देशाचा मानून सवलत द्यायची हे ठरवणाऱ्या नियमांवर, बोट ठेवते. मागावर बारा तासांची पाळी करणाऱ्या कामगारासाठी कोणताही भरपाई निधी साफ्टाने उभारला नाही, सरकारनेही नाही.

4 नोव्हेंबर 2019 रोजी भारत आरसेप या आशिया-प्रशांत देशांच्या व्यापार कराराच्या वाटाघाटींतून बाहेर पडला, तेव्हा दूध उत्पादक आणि शेतकरी संघटनांच्या विरोधाचा त्यात मोठा वाटा होता. त्याआधी चार दशके, 1980 च्या कांदा आंदोलनापासून, याच जिल्ह्यात शरद जोशींची शेतकरी संघटना सरकारी हस्तक्षेपाविरुद्ध उभी राहिली होती, आणि पुढे तिने डंकेल प्रस्तावाचे, म्हणजे जागतिक व्यापार संघटनेच्या करारांचा पाया ठरलेल्या मसुद्याचे, समर्थनही केले होते. या दोन भूमिकांना परस्परविरोधी ठरवणे सोपे आहे, पण माझ्या मते दोन्हींचा आग्रह एकच होता: बाजार उघडायचा असो वा बंद करायचा, तो निर्णय उत्पादकाला विचारून आणि वेळेवर व्हावा. 1 एप्रिल 2025 पासून कांद्यावरचे उरलेले 20 टक्के निर्यात शुल्कही हटले आहे. बंदीपूर्वी किती दिवसांची सूचना द्यायची, वाटेतल्या मालाचे काय करायचे आणि नुकसान कोणी भरायचे, हे भारत-बांगलादेश पातळीवर लिहून ठेवणारा करार मात्र झालेला नाही. बांगलादेश नोव्हेंबर 2026 मध्ये अल्पविकसित देशांच्या यादीतून बाहेर पडण्याचे नियोजन असल्याने व्यापाराच्या अटी नव्याने ठरवाव्याच लागतील, आणि त्या बैठकीत कांद्याचे कलम मांडण्याची जबाबदारी नाशिकच्या लोकप्रतिनिधींवर आणि बाजार समित्यांवर येते.