डीन, डिझी

डीन, डिझी : (१६ जानेवारी १९१०–१७ जुलै १९७४). अमेरिकन व्यावसायिक बेसबॉलपटू (पिचर म्हणजे फलंदाजाकडे चेंडू टाकणारा खेळाडू) व दूरचित्रवाणीवरील लोकप्रिय समालोचक. त्याच्या मूळ नावाबाबत एकमत नाही. बहुतेक संदर्भग्रंथ जे हॅना डीन हे नाव देतात. तो स्वतः जेरोम हर्मन असेही सांगे. लहानपणी वारलेल्या एका सवंगड्याच्या वडिलांचे सांत्वन व्हावे म्हणून त्या मुलाचे नाव आपण घेतले, असा त्याचा खुलासा होता. तो त्याच्याच तोंडचा असल्याने जपून घ्यावा लागतो. जन्मस्थळाचेही तेच. आर्कान्सातील लूकस हे गाव सामान्यतः ग्राह्य धरले जाते व तेच अधिक संभवनीय वाटते. मात्र मिसिसिपीतील बाँड आणि ओक्लाहोमातील होल्डनव्हिल ही ठिकाणेही त्याने वार्ताहरांना सांगितली होती. प्रत्येकाला स्वतंत्र बातमी मिळावी, हा त्यामागील हेतू असल्याचे तो म्हणे.

सेंट लुइस कार्डिनल्स या संघाकडून १९३४ मध्ये त्याने ३० सामने जिंकले. नॅशनल लीगमध्ये (मेजर लीग या सर्वोच्च व्यावसायिक स्तराच्या दोन गटांपैकी एक) त्यानंतर एकाही पिचरला हा आकडा गाठता आलेला नाही. १९३७ च्या ऑल-स्टार (निवडक नामवंत खेळाडूंच्या) सामन्यात त्याच्या पायाचे बोट मोडले. ते पुरते बरे होण्याआधीच तो खेळू लागला, त्यामुळे चेंडू टाकण्याची ढब बिघडून दंड कायमचा दुखावला, असे मानले जाते. १९४१ पासून तो आकाशवाणीवर समालोचन करू लागला. त्याच्या अशुद्ध इंग्रजीविरुद्ध १९४६ मध्ये मिझुरीतील शिक्षकांची तक्रार गाजली. श्रोत्यांना मात्र ती घरगुती बोली आपली वाटे.

१९५३ मध्ये एबीसी वाहिनीने दर शनिवारी एका सामन्याचे प्रक्षेपण सुरू केले व ते डीनकडे सोपवले. त्याच वर्षी हॉल ऑफ फेममध्ये (थोर बेसबॉलपटूंच्या सन्मान-दालनात) त्याची निवड झाली होती. १९५५ पासून हा कार्यक्रम सीबीएसकडे गेला. सहकारी प्रथम बडी ब्लॅटनर, १९६० पासून पी वी रीझ. खेळ रेंगाळला की डीन रेल्वेचे एक जुने लोकगीत म्हणू लागे, मासेमारीच्या गप्पा मारी.

त्याच्या लोकप्रियतेचे श्रेय केवळ या विनोदी स्वभावाला देण्याचा प्रघात आहे. तो अपुरा वाटतो. मैदानावरील तिकीटविक्री घटू नये म्हणून मेजर लीगचे संघ असलेल्या शहरांत हे प्रक्षेपण दाखवले जात नसे. १९५३ मध्ये असे सर्व संघ ईशान्य व मध्य-पश्चिम भागांतच होते. दक्षिणेकडील व पश्चिमेकडील गावांना वरच्या दर्जाचे बेसबॉल पाहायला मिळे ते मुख्यतः याच कार्यक्रमातून. डीन त्याच ग्रामीण दक्षिणेतला. महानगरांतील वृत्तपत्रसमीक्षकांच्या घरी मात्र हा कार्यक्रम दिसत नसल्याने डीनच्या समालोचनावरील समकालीन लेखन मर्यादित आहे.

१९६६ मध्ये राष्ट्रीय प्रक्षेपणाचे हक्क एनबीसीकडे गेले. रीझला तेथे स्थान मिळाले, डीनला नाही. रीनो (नेव्हाडा) येथे त्याचे निधन झाले.