फायकस वेल म्हणजे मनी प्लांट नव्हे

बेळगावात हल्ली घरोघरी फायकस पुमिलाच्या कुंड्या दिसतात आणि होळी उलटली की त्यातल्या बऱ्याच वाळून जातात. वेलच ती, मनी प्लांटसारखी तगेल, असं धरून चालल्याचा हा परिणाम.

मनी प्लांटचं वेगळं सांगायला नको. बाटलीत, डब्यात, जिन्याखाली, कुठेही जगतो. माती सुकली की पानं लोंबतात, पाणी घातलं की पुन्हा ताठ होतात. म्हणजे तो आधी कळवतो.

फायकस कळवत नाही. ही वड-अंजिराच्या कुळातली, मूळची चीन-जपानकडची. कोवळी पानं नखाएवढी आणि अगदी पातळ, त्यांत पाण्याचा साठा नाही. कुंडी एकदा पुरती सुकली की पानं लोंबत बसत नाहीत, थेट कुरकुरीत होतात. मग बादलीभर पाणी ओता, ती पानं परत हिरवी होत नाहीत. म्हणून पाण्याचे वार ठरवू नका. पेरभर बोट मातीत घाला; वरचा थर सुकलेला आणि खाली जेमतेम ओल असेल तर तेव्हाच पाणी द्या. आपल्याकडच्या पावसाळ्यात कुंडी दिवसेंदिवस ओली राहते, पण मार्च-एप्रिलच्या कोरड्या वाऱ्यात रोज बघावं लागतं. नुसते फवारे मारणं मला मुळीच पटत नाही, मुळं तहानलेलीच राहतात. बशीत पाणी साचवलंत तर तीच मुळं कुजतात.

पानं वाळली म्हणून लगेच उपटूही नका. फांदी नखाने खरवडा. आत हिरवं दिसलं, पांढरा चीक आला, तर चार बोटं ठेवून छाटा. बहुतेक वेळा फुटते.

उजेड खिडकीजवळचा हवा, पण दुपारचं ऊन नको.

बाहेर लावायची तर मृगाच्या पावसात, जांभ्याच्या कुंपणाला. बांधायची गरज नाही, बारीक मुळांतून चिकट द्रव सोडून ती स्वतःच धरते. जुन्या चुन्याच्या गिलाव्यावर मात्र चढवू नका, काढताना गिलावा सोबत येतो. पुढे काही वर्षांनी भिंतीपासून सुटलेल्या, मोठ्या जाड पानांच्या फांद्या येतात. भलतंच झाड उगवलं असं लोकांना वाटतं. ती हीच वेल, वयात आलेली. त्या फांद्यांनाच फळं धरतात. भिंत नीटस हवी असेल तर त्या दिसताक्षणी कापा, हातमोजे घालून, कारण चिकाने कातडी चुरचुरते.