सलग १४ मोसम, दर वर्षी २०० इनिंग: मार्क बर्लीची कारकीर्द

बेसबॉलमध्ये सामन्याची सुरुवात करणारा पिचर, म्हणजे चेंडू टाकणारा खेळाडू, साधारण दर पाचव्या दिवशी मैदानात उतरतो. तीन गडी बाद झाले की एक इनिंग पूर्ण होते; मोसमात अशा २०० इनिंग टाकायच्या तर त्याला पाळी चुकवून चालत नाही. मार्क बर्लीने २००१ ते २०१४ असे सलग १४ मोसम हे करून दाखवलं. आज पिचरला पाच-सहा इनिंगनंतर बदलण्याची पद्धत रूढ झाली आहे, त्यामुळे हा आकडा मला दरवर्षी अधिकच मोठा वाटतो.

मिझुरीतल्या या डावखुऱ्या मुलाला शाळेच्या संघातूनही वगळलं होतं. १९९८च्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे नव्या खेळाडूंच्या वार्षिक निवडीत, शिकागो व्हाइट सॉक्स या संघाने त्याला घेतलं, तेही ३८व्या फेरीत. पण जुलै २०००मध्ये तो मेजर लीगमध्ये, म्हणजे बेसबॉलच्या सर्वोच्च व्यावसायिक लीगमध्ये, दाखल झाला होता.

त्याच्याकडे वेग नव्हता. फास्टबॉल जेमतेम ताशी १३५-१४० किलोमीटर. त्याची भिस्त होती ती वेगातल्या बदलावर, अचूक जागेवर आणि घाईवर. फलंदाजामागे बसणाऱ्या कॅचरची खूण मिळाली की चेंडू सुटलाच! फलंदाजाला विचार करायला उसंतच मिळत नसे. एप्रिल २००५मध्ये सिअॅटलविरुद्धचा एक अख्खा सामना १ तास ३९ मिनिटांत आटोपला.

त्याच वर्षी व्हाइट सॉक्सने ८८ वर्षांनी वर्ल्ड सिरीज, म्हणजे मेजर लीगची अंतिम मालिका, जिंकली. ह्यूस्टनविरुद्धच्या दुसऱ्या सामन्यात बर्लीने ७ इनिंग टाकल्या. तिसरा सामना १४व्या इनिंगपर्यंत लांबला, तेव्हा शेवटचा गडी बाद करायलाही तोच आला.

२३ जुलै २००९ रोजी टँपा बेविरुद्ध त्याने परफेक्ट गेम टाकला: २७ फलंदाज आले, २७ बाद झाले, एकही बेसवर पोहोचला नाही. नवव्या इनिंगमध्ये ड्वेन वाइजने कुंपणावर झेपावून घेतलेला झेल नसता, तर हे घडलं नसतं.

शिकागो सोडल्यावर तो आधी मायामीकडून आणि मग टोरांटोकडून खेळला. २०१५च्या शेवटच्या दिवशी पंधराव्यांदा २०० गाठायला त्याला दोन इनिंग हव्या होत्या. दोनच दिवसांपूर्वी टाकलेलं असूनही तो उतरला, पण दोनच गडी बाद झाले. हिशेब १९८ पूर्णांक दोन तृतीयांशवर थांबला. त्यानंतर तो मेजर लीगमध्ये खेळला नाही. २१४ विजय नावावर असूनही, २०२१मध्ये हॉल ऑफ फेमच्या, म्हणजे बेसबॉलमधल्या थोर खेळाडूंच्या सन्मान-यादीच्या, मतपत्रिकेवर पहिल्यांदा नाव आलं तेव्हा त्याला फक्त ११ टक्के मतं मिळाली. लागतात ७५. मला हा अन्याय वाटतो.