नाताळ रहस्यकथा

नाताळच्या सुटीत, बहुधा बर्फाने कोंडलेल्या घरात किंवा आगगाडीत घडलेल्या गुन्ह्याची उकल सांगणारा इंग्रजी रहस्यकथेचा एक उपप्रकार. त्याची ठळक घडण साधारणपणे १९३० ते १९५० या काळात इंग्लंडमध्ये झाली. तऱ्हेवाईक श्रीमंत यजमान, जमलेले नातेवाईक, बदलू घातलेले मृत्युपत्र, बंद पडलेला टेलिफोन हा सरंजाम वाचकाच्या ओळखीचा असल्याने त्याचे वर्णन येथे केलेले नाही. प्रकाराची सीमारेषा मात्र धूसर आहे. अगाथा ख्रिस्ती यांच्या हिमकोंडीच्या दोन सर्वांत गाजलेल्या कृती, मर्डर ऑन द ओरिएंट एक्स्प्रेस (१९३४) ही कादंबरी आणि द माउसट्रॅप (१९५२) हे नाटक, हिवाळ्यातल्या असल्या तरी काटेकोरपणे पाहता नाताळकथा नव्हेत. उलट त्यांच्या ज्या कादंबरीच्या नावातच नाताळ आहे, तिच्या रहस्यात बर्फाला काहीच काम नाही.

उगम : याबाबत दोन मते आहेत. पहिल्या मतानुसार ही कथा व्हिक्टोरियन भुताच्या गोष्टीची वारस होय. हिवाळ्याच्या लांब रात्री शेकोटीभोवती भुताखेतांच्या गोष्टी सांगण्याची चाल इंग्लंडमध्ये जुनीच होती. चार्ल्स डिकन्स यांच्या अ ख्रिसमस कॅरलनंतर (डिसेंबर १८४३) तिला छापील बाजारपेठ मिळाली. हाउसहोल्ड वर्ड्‌स आणि नंतर ऑल द यिअर राउंड या आपल्या साप्ताहिकांचे नाताळ अंक डिकन्स काढीत आणि इतर संपादकांनीही तोच कित्ता गिरवला. केंब्रिजच्या किंग्ज कॉलेजात एम. आर. जेम्स नाताळच्या दिवसांत मित्रमंडळींना स्वतःच्या भुतकथा वाचून दाखवीत. त्यांचा पहिला संग्रह १९०४ मध्ये प्रसिद्ध झाला. या मताचे अभ्यासक म्हणतात, की पुढे भुताची जागा खुन्याने घेतली. भीती तीच राहिली, फक्त तिला तर्काने उत्तर मिळू लागले.

दुसरे मत प्रकाशनव्यवसायाकडे बोट दाखवते. नाताळ हा ब्रिटनमध्ये पुस्तके भेट देण्याचा मोसम. १९३० च्या दशकात रहस्यकादंबरी हे भरपूर खपणारे वाचन झाले, तेव्हा मोसमाला साजेशी पार्श्वभूमी लेखकांनी आपसूकच उचलली. ख्रिस्तींचे प्रकाशक कॉलिन्स यांनी ‘नाताळला ख्रिस्ती’ या आशयाची जाहिरात पुढे वर्षानुवर्षे चालवली.

पहिले मत आकर्षक असले तरी मधल्या सुमारे चाळीस वर्षांच्या साहित्याशी ते नीट जुळत नाही. या काळातल्या नाताळच्या गुन्हेकथांत खून जवळजवळ नाहीच. आहे ती चोरी, आणि तीही रत्नांची. आर्थर कॉनन डॉइल यांच्या ‘द ब्लू कार्बंकल’मध्ये (स्ट्रँड मासिक, जानेवारी १८९२) चोरलेले निळे रत्न नाताळसाठी आणलेल्या हंसाच्या पोटात सापडते आणि होम्स सणाचे निमित्त करून चोराला सोडून देतो. जी. के. चेस्टरटन यांच्या ‘द फ्लाइंग स्टार्स’मध्ये (१९११) पाहुण्यांनी हौसेने उभारलेल्या नाटुकल्याच्या आडून हिरे लांबवले जातात आणि फादर ब्राऊन या पाद्री-शोधकाच्या शब्दाखातर परत येतात. स्वतः ख्रिस्ती यांनी डिसेंबर १९२३ मध्ये द स्केच या साप्ताहिकात लिहिलेल्या पहिल्या नाताळकथेतही खरा गुन्हा रत्नचोरीचाच आहे; तिच्यातला खून हा मुलांनी रचलेला बनाव असतो. डॉरथी सेअर्स यांची ‘द नेकलेस ऑफ पर्ल्स’ (संग्रह १९३३) हीदेखील हरवलेल्या मोत्यांचीच कथा. अपवाद म्हणून रॉबर्ट लुई स्टीव्हन्सन यांच्या ‘मार्कहाइम’चे नाव घेतले जाते. तिच्यात नाताळच्याच दिवशी एका दुकानदाराचा खून होतो. ही कथा अन्विन यांच्या नाताळ वार्षिकात आली. तिचे साल कुठे १८८५ तर कुठे १८८६ दिलेले आढळते, त्यांपैकी पहिले अधिक संभाव्य आहे. परंतु ‘मार्कहाइम’ ही खुन्याच्या सदसद्‌विवेकाची कथा आहे. तिच्यात शोध घ्यायला काही उरतच नाही, म्हणून तिला या प्रकाराची पूर्वज मानणे ओढूनताणून होते.

खून आला तो १९३० नंतर, आणि आला तो एकदम. ॲन मेरेडिथ यांची पोर्ट्रेट ऑफ अ मर्डरर (१९३३), सी. एच. बी. किचिन यांची क्राइम ॲट ख्रिसमस (१९३४), कार्टर डिक्सन यांची द व्हाइट प्रायरी मर्डर्स (१९३४), मेव्हिस डोरिएल हे यांची द सांता क्लाउस मर्डर (१९३६), निकोलस ब्लेक यांची दाऊ शेल ऑफ डेथ (१९३६), जे. जेफरसन फार्जन यांची मिस्टरी इन व्हाइट (१९३७) आणि ख्रिस्ती यांची हर्क्यूल प्वारोज ख्रिसमस (डिसेंबर १९३८, पहिल्या आवृत्तीवर मात्र १९३९) एवढ्या कादंबऱ्या सहा वर्षांत निघाल्या. बदल आशयात होण्याआधी आकारात झाला, असे यावरून दिसते. मासिकाच्या नाताळ अंकातल्या आठ-दहा पानांना रत्नचोरी पुरत होती. भेट म्हणून द्यायच्या जाडजूड कादंबरीला ती पुरेना. अमेरिकन लेखक एस. एस. व्हॅन डाइन यांनी १९२८ मध्ये मांडलेल्या वीस नियमांत हे रोखठोक म्हटलेच होते : खुनाहून हलक्या गुन्ह्यासाठी वाचकाला तीनशे पाने ताटकळत ठेवू नये. त्यामुळे दुसरे मत अधिक ग्राह्य ठरते. तथापि नाताळात गोष्टींचे पुस्तक हाती घेण्याची सवय भुतकथेच्या अंकांनीच लावली होती, एवढे श्रेय पहिल्या मताला द्यावे लागते.

हिमाचे कार्य : रहस्यकथेत बर्फ तीन कामे करतो. तो रस्ते बंद करून संशयितांची संख्या मर्यादित ठेवतो. पोलिसांना दूर ठेवून हौशी शोधकाला वाव देतो. आणि ठसे टिपतो. पहिली दोन कामे बेट, जहाज किंवा पूरही करू शकतात. तिसरे काम मात्र एवढ्या चोखपणे बर्फच करतो आणि या प्रकाराचे तांत्रिक वैशिष्ट्य त्यातच आहे.

डॉइल यांच्या ‘द बेरिल कॉरोनेट’मध्ये (स्ट्रँड, मे १८९२) होम्स अंगणातल्या बर्फावरून रात्रीची सगळी हकीकत वाचून काढतो : बूट घातलेला माणूस, अनवाणी धावलेला माणूस, लाकडी पायाचा माणूस. येथे बर्फ साक्षीदार आहे, आणि सच्चा साक्षीदार. सुवर्णयुगातल्या (म्हणजे दोन महायुद्धांदरम्यानच्या) लेखकांनी त्यालाच खोटे बोलायला लावले. त्यांचे आवडते कोडे असे : बर्फाच्या अखंड थराने वेढलेल्या जागी प्रेत आहे, जवळून केलेल्या वाराने मृत्यू झाला आहे, आणि आत गेलेली पावले फक्त मृताची किंवा प्रेत पाहणाऱ्याची आहेत. द व्हाइट प्रायरी मर्डर्समध्ये असा एक मंडप आहे. त्याच लेखकाने जॉन डिक्सन कार या खऱ्या नावाने लिहिलेल्या द हॉलो मॅनमध्ये (१९३५) लंडनच्या एका बर्फाळ गल्लीत माणूस गोळी लागून पडतो आणि आसपास दुसऱ्या कोणाचेही पाऊल नसते. याच कादंबरीच्या सतराव्या प्रकरणात डॉ. फेल हे पात्र कथा थांबवून बंद खोलीतल्या खुनांचे वर्गीकरण करून दाखवते. ठशाविना खून ही बंद खोलीचीच उघड्यावरची आवृत्ती असल्याने त्या वर्गीकरणाचा बराचसा भाग तिलाही लागू पडतो.

अशा कोड्याच्या उकली मोजक्याच आहेत. खून बर्फ थांबण्यापूर्वीच झालेला असतो आणि वेळेविषयी दिशाभूल केलेली असते, खुनी मृताच्या पावलांवर पावले ठेवून जातो, उलटा चालतो किंवा दुसऱ्याचे बूट घालतो, प्रेत ‘पहिल्यांदा पाहणारा’च खुनी असतो, जखमी माणूस वार दुसरीकडे झेलून स्वतः चालत आलेला असतो, किंवा जवळचा वाटणारा वार प्रत्यक्षात लांबून केलेला असतो. (कोणती उकल कोणत्या कादंबरीत आहे हे येथे सांगणे रसभंगाचे होईल.) यांतल्या पहिल्या वर्गात बर्फ घड्याळाचे काम करतो. भुरभुर केव्हा सुरू झाली आणि केव्हा थांबली हे पक्के ठरले, की रिकाम्या थराचा अर्थ लागतो. म्हणून या कादंबऱ्यांत हवामानाची चौकशी सविस्तर असते आणि साक्षी देणारे नोकरचाकर बर्फ थांबल्याची वेळ आवर्जून सांगतात. रात्रीच्या कडाक्यात थरावर धरलेली कडक साय, सकाळच्या उन्हाने ठशांच्या विरघळलेल्या कडा, वाऱ्याने वाहून आलेला भुगा हे बारकावे चांगल्या लेखकांनी वापरले आहेत, पण प्रयोगशाळेत टिकेल अशा काटेकोरपणे क्वचितच. पन्नासभर पावले मागचे एकही चिन्ह न ठेवता दुसऱ्याच्या पावलांत टाकता येतील काय, ही शंका वाचकाने घ्यायची नसते.

हवामान आणि वस्तुस्थिती : इंग्लंडचा नाताळ कथांमधल्याइतका पांढरा नसतो. तेथील हवामान खात्याच्या व्याख्येनुसार २५ डिसेंबरच्या चोवीस तासांत एखादे हिमकण पडताना दिसले तरी ‘श्वेत नाताळ’ ठरतो. एवढी सैल कसोटी सोडून देशभर जमिनीवर बर्फ साचलेला पाहायचा, तर १९६० नंतर १९८१, १९९५, २००९ आणि २०१० अशी मोजकीच साले सांगितली जातात. बर्फाळ नाताळचे चित्र बहुधा डिकन्स यांच्या बालपणातून आले असावे. त्यांचा जन्म १८१२ चा, आणि ते दशक इंग्लंडमध्ये असाधारण थंड होते. १८१४ मध्ये गोठलेल्या थेम्सवर शेवटचा हिममेळा भरला. १८१५ च्या टँबोरा ज्वालामुखीच्या उद्रेकाने पुढच्या वर्षी युरोपात उन्हाळाच आला नाही. म्हणजे १९३० च्या दशकातील कादंबरीकार शतकापूर्वीचे हवामान वापरीत होते. न्यूझीलंडच्या एन्गायो मार्श यांनी टाइड अप इन टिन्सेल (१९७२) ही नाताळकथाही इंग्लंडमध्येच घडवली. त्यांच्या मायदेशी नाताळ भर उन्हाळ्यात येतो.

आगगाडीच्या हिमकोंडीला मात्र प्रत्यक्ष आधार आहे. १९२९ च्या आरंभी ओरिएंट एक्स्प्रेस तुर्कस्तानात चेर्केझकॉयजवळ बर्फात अनेक दिवस अडकून पडली होती. डिसेंबर १९३१ मध्ये ख्रिस्ती स्वतः याच गाडीने परतत असताना पुरामुळे ती रखडली. कादंबरीत या दोन्ही घटना मिसळल्या असाव्यात. ‘ख्रिस्ती बर्फात अडकल्या होत्या’ हे विधान मात्र बरोबर नव्हे.

आकर्षणाची मीमांसा : कवी डब्ल्यू. एच. ऑडन यांनी ‘द गिल्टी व्हिकरेज’ (१९४८) या निबंधात रहस्यकथेला लागणाऱ्या बंदिस्त समूहाचे चार नमुने दिले आहेत. त्यांतला पहिलाच आहे रक्ताच्या नात्यांचा, आणि त्याचे उदाहरण ग्रामीण हवेलीतले नाताळचे जेवण. चौथा नमुना एरवी एकमेकांशी संबंध नसलेल्या प्रवाशांचा, रेल्वेच्या डब्यातला. निरागस वाटणाऱ्या जगात खून पडतो, सगळ्यांवर संशय जातो आणि एकाला वेगळे काढताच बाकीचे पुन्हा निर्दोष होतात, अशी ऑडन यांची धर्मशास्त्रीय धाटणीची मांडणी आहे. ॲलिसन लाइट यांनी फॉरएव्हर इंग्लंडमध्ये (१९९१) दोन महायुद्धांदरम्यानच्या रहस्यकथेकडे युद्धातून सावरणाऱ्या समाजाचे वाचन म्हणून पाहिले. दोन्ही मते उद्‌बोधक असली तरी मुद्दाम नाताळच का, याचे उत्तर ऑडन यांच्याकडून अधिक मिळते, आणि त्याहून थेट उत्तर हर्क्यूल प्वारोज ख्रिसमसमध्ये ख्रिस्तींचा शोधक प्वारो याच्या तोंडी आहे. वर्षभर दूर राहिलेली माणसे सणाच्या दडपणाखाली एकत्र येतात, नसलेली माया दाखवतात, प्रमाणाबाहेर खातात, आणि मग साठलेला राग बाहेर पडतो, असे तो पोलीसप्रमुखाला सांगतो. बर्फ पडला, की या घरातून उठून जाण्याची सोयही उरत नाही. खुनी बाहेरचा नाही हे कळल्यावरही त्याच शेकोटीपाशी बसावे लागते. वाचकाला मिळणारी ऊब या भीतीला लागूनच असते.

हर्क्यूल प्वारोज ख्रिसमसची अर्पणपत्रिका बोलकी आहे. मेहुणे जेम्स वॉट्स यांनी, तुझ्या कथांतले खून फार नाजूक होत चालले आहेत, जरा भरपूर रक्त असलेला खून लिही, अशी तक्रार केल्याने ही कथा लिहिल्याचे ख्रिस्ती सांगतात. वॉट्स कुटुंबाच्या ॲबनी हॉल या घरी त्यांचे लहानपणीचे नाताळ गेले होते. १९२३ ची कथा वाढवून १९६० मध्ये पुस्तकरूपाने काढताना प्रस्तावनेत त्यांनी त्या जेवणावळींची आठवण काढली आहे.

उत्तरकाल : युद्धानंतर मोठी घरे मोडली, नोकर उरले नाहीत आणि प्रकारही क्षीण झाला. सिरिल हेअर यांची ॲन इंग्लिश मर्डर (१९५१) ही या मोडत्या जगाची जाणीव ठेवून लिहिलेली कादंबरी. हेअर पेशाने न्यायाधीश, आणि खुनामागचे कारण ब्रिटिश राज्यव्यवस्थेच्या एका तरतुदीत दडलेले. द माउसट्रॅप मात्र २५ नोव्हेंबर १९५२ पासून लंडनमध्ये चालूच आहे. मार्च २०२० ते मे २०२१ एवढाच मोठा खंड पडला. ब्रिटिश लायब्ररीने २०१४ मध्ये मिस्टरी इन व्हाइट पुन्हा छापली आणि विस्मृतीत गेलेले हे पुस्तक त्या नाताळात अनपेक्षितपणे खपले. मार्टिन एडवर्ड्‌स यांनी संपादित केलेले सायलेंट नाइट्स (२०१५) यासारखे संग्रह त्यानंतरचे.

इतरत्र : जपानमध्ये योकोमिझो सेइशी यांच्या होन्जिन सात्सुजिन जिकेनपासून (१९४६) बर्फातल्या ठशांविना खुनाची स्वतंत्र परंपरा आहे, नाताळशी तिचा संबंध नाही. नॉर्वेत हा मोसम ईस्टरचा असून त्याचा आरंभ १९२३ मध्ये बर्गनच्या आगगाडीवरील दरोड्याच्या कादंबरीच्या, बातमीसारख्या दिसणाऱ्या जाहिरातीपासून मानतात.

मराठीशी संबंध आहे तो अप्रत्यक्ष. का. र. मित्र यांनी १९०९ मध्ये काढलेला मनोरंजनचा दिवाळी अंक हा मराठीतला पहिला दिवाळी अंक समजला जातो. त्यामागे इंग्रजी नियतकालिकांच्या नाताळ अंकांची प्रेरणा होती, असे सामान्यतः मानतात. सणाच्या अंकात रहस्य आणि गूढ वाचण्याची आवड पुढे नवल, धनंजय यांसारख्या दिवाळी अंकांनी जोपासली. होम्सच्या कथा भालबा केळकर यांच्या अनुवादांतून मराठीत आल्या. बर्फात कोंडलेल्या सणाची स्वतंत्र रहस्यकथा मात्र मराठीत रुजलेली दिसत नाही.