अपिलातील मनाई हुकूम (मिळकतीचे वाद)

दाव्याचा निकाल लागला, अपील चालू आहे, अशा काळात विरुद्ध बाजूने मिळकतीत शिरू नये, बांधकाम करू नये किंवा वहिवाटीला हरकत घेऊ नये म्हणून अपिली न्यायालय देते तो आदेश. बोलण्यात याला सरसकट ‘स्टे’ म्हणतात आणि घोळ तिथूनच सुरू होतो.

स्थगिती मिळते ती हुकूमनाम्याच्या, म्हणजे निकालावरून निघालेल्या औपचारिक आदेशाच्या, अंमलबजावणीला. वादीचा दावाच फेटाळला गेला, तर थांबवण्यासारखी अंमलबजावणी उरत नाही. शिवाय निशाणी ५ च्या अर्जावर (दावा चालू असताना मनाई मागण्याचा नेहमीचा अर्ज) मिळालेली तूर्तातूर्त मनाई दाव्याबरोबरच संपते. नुसते अपील दाखल केल्याने काही थांबत नाही, असे दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ (आदेश ४१, नियम ५) स्पष्ट सांगते. म्हणून अपिलात आदेश ३९, नियम १ व २ खाली मनाईचा अर्ज नव्याने द्यावा लागतो.

जिल्हा न्यायालयात अपिलाची मुदत ३० दिवस, उच्च न्यायालयात ९०. पण खरी भीती पहिल्या दोन-तीन दिवसांची. पुणे जिल्ह्यातल्या हवेली तालुक्यातला गुंठ्यांचा तुकडा घ्या: सातबारा एकाच्या नावावर, तारेचे कुंपण दुसऱ्याचे. शिवाजीनगर कोर्टात शुक्रवारी दुपारी निकाल लागला, तर रविवारपर्यंत जेसीबी येऊन कुंपण गेलेले असू शकते. त्यामुळे हुशार वकील निकाल ऐकताच त्याच्या प्रमाणित नकलेचा अर्ज टाकतो आणि जुनी मनाई अपील होईपर्यंत चालू ठेवा, अशी त्याच न्यायाधीशांना विनंती करतो. ती मान्य होतेच असे नाही. जिंकलेला पक्षही स्वस्थ बसत नाही. एकतर्फी आदेश होऊ नये म्हणून तो कॅव्हेट (आधी आमचे ऐका, अशी न्यायालयाला दिलेली सूचना) लावतो. ते ९० दिवस टिकते.

निकष नेहमीचेच तीन: प्रथमदर्शनी बाजू, सोयी-गैरसोयीचा तोल, भरून न निघणारे नुकसान. अपिलात पहिला जड जातो, कारण एक न्यायालय आधीच विरुद्ध बोललेले असते. अशा वेळी प्रत्यक्ष ताबा कामी येतो. स्थिर ताबा असलेल्याला मालकानेही कायदेशीर मार्गाशिवाय हुसकावू नये, हे सर्वोच्च न्यायालयाने २००३ मध्ये रामे गौडा प्रकरणात सांगितले. वीजबिल, पीकपाहणी, कोर्ट कमिशनरचा (जागा पाहायला न्यायालयाने नेमलेल्या माणसाचा) पंचनामा हे कागद इथे वकिलाच्या युक्तिवादापेक्षा भारी पडतात. ताब्याबद्दलच शंका असेल, तर न्यायालय बहुधा ‘जैसे थे’ म्हणून मोकळे होते. मात्र त्या दिवशी जागेवर नेमके काय होते याची नोंद नसली, तर त्यावरूनच पुढचे भांडण जुंपते.

मनाई मोडल्यास आदेश ३९, नियम २-अ खाली मिळकतीची जप्ती किंवा ३ महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते. पोलीस चौकीत मात्र ‘ही दिवाणी बाब आहे’ हे उत्तर ठरलेले. बंदोबस्त हवा असेल तर न्यायालयाकडून वेगळा आदेश आणावा लागतो.

ऑगस्ट २०२५ मध्ये कोल्हापूरला मुंबई उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच (फिरते खंडपीठ) सुरू झाले, तरी पुणे जिल्ह्याची अपिले मुंबईलाच जातात.